सरकारी मुराळी

“मी मुराळी आलोय,” दारातला माणूस म्हणाला आणि टाचेला टाच मारून त्यानं सलाम ठोकला.

माझ्या सासूबाई ओसरीवर बाजरी पाखडत होत्या. सूप हवेतच राहिलं. मुराळी म्हणजे लेकीला सासरहून माहेरी न्यायला येणारा माणूस. बहुधा भाऊच. तो दारात येऊन हसतो, पायरीला चपला काढतो, पाण्याचा तांब्या मागतो. सलाम ठोकणारा मुराळी आमच्या उंबरदऱ्यात तोवर कुणी बघितला नव्हता.

“कुणाचा मुराळी?” सासूबाईंनी विचारलं. त्यांना आम्ही आत्याबाई म्हणत असू. गाव मैनाबाई म्हणायचं, पण मैनेसारखं त्यांच्यात आवाजापलीकडं काही नव्हतं.

“हौसाचा.”

हौसा म्हणजे मी. मी माजघराच्या दाराआड पदर तोंडात कोंबून उभी होते. पोट इतकं पुढं आलेलं, की दाराआड मी मावत होते, ते मावत नव्हतं. मला भाऊ नव्हता. आई मी रांगत असतानाच गेली, बाप लग्नाच्या आधी गेला. चुलत्यानं अक्षता टाकल्या आणि हात झटकले. दारात उभा असलेला भाऊ मी जन्मात एकदाच बघितला होता, आणि त्या वेळी तो तापाची तपासणी म्हणून माझ्या बोटात सुई टोचत होता.

तो माळशिंगीच्या नव्या सरकारी दवाखान्यातला सावळाराम कंपौंडर. खाली खाकी अर्धी चड्डी आणि पलटणीतले बूट, वर गुलाबी फेटा. फेटा त्याच्या डोक्यावर बसला नव्हता, नुसता टेकला होता. हातात टोपली. टोपलीत नारळ, खण, आणि परमुलखातून आलेल्या दुधाच्या भुकटीचा एक डबा. माहेरची भेट म्हणून त्याला तेवढंच सापडलं असावं.

हे सगळं झालं ते आत्याबाईंच्या तोंडामुळं.

लढाई संपून पाच-सहा वर्षं झाली होती. देशात आपलं राज्य आलं होतं आणि माळशिंगीत दगडी दवाखाना. औषध फुकट. बाळंतिणींसाठी एक खोली, खोलीत दोन लोखंडी खाटा. खाटा पलटणीच्या छावणीतून आलेल्या, हिरव्या रंगाच्या. वर्ष झालं तरी त्यांच्यावर एक बाई निजली नव्हती. शिपायाची शेळी मात्र एकदा व्याली होती, खाटेखाली.

दवाखान्यातल्या नर्सबाई म्हणजे रूथबाई. नगरकडच्या ख्रिस्ती. छत्री घेऊन गावोगाव पायी फिरायच्या. उंबरदऱ्याला आल्या तेव्हा त्यांनी माझं पोट तपासलं आणि आत्याबाईंना आडावर गाठलं.

“बाळ आडवं आहे, मावशी. मी हातानं फिरवून डोकं खाली आणते, पण ते परत आडवं जाणार. कळा लागेपर्यंत हिला माझ्या नजरेखाली ठेवा. पहिल्या वेळेचं विसरलात का?”

पहिल्या वेळेचं कुणीच विसरलं नव्हतं. ते बाळही आडवंच होतं. ते गेलं, मी राहिले. ‘या वेळी नुसतं बाळ जाणार नाही,’ हे रूथबाई बोलल्या नाहीत, पण आडावरच्या सगळ्या बायकांना ते ऐकू आलं.

“दवाखान्याचं नाव काढायचं न्हाय,” आत्याबाई म्हणाल्या. “माझा धाकटा, मारुती, लढाईत गोळीनं न्हाय मेला. गोळी काढली म्हणून तार आली. मग दवाखान्यात मेला म्हणून तार आली. मला शिकवू नका.”

“मावशी, तो लढाईचा—”

“बायांनो, तुम्हीच सांगा.” आत्याबाई आता आडाकडं वळल्या. माणसं जमली की त्यांच्या अंगात यायचं. “बाळंतपण एक तर माहेरात होतं, न्हाय तर सासरात. हिला माहेर असतं तर आज गाडी जुंपून धाडली असती. दारात आलेला मुराळी ह्या मैनाबाईनं कधी रिकामा परत लावलाय? पर सरकार काय माहेर हाय हिचं?”

बायका हसल्या. रूथबाई हसल्या नाहीत. त्यांनी एवढंच विचारलं, “मुराळी आला तर पाठवाल?”

“पाठवीन की. का न्हाय पाठवायची?”

रूथबाईंनी छत्री उघडली आणि गेल्या. आत्याबाईंना वाटलं, जिंकलो.

आणि आता हा दारात.

“गाव कुठलं?” आत्याबाईंनी सूप खाली ठेवलं.

“माळशिंगी.”

“माळशिंगीत हिचं कुणी न्हाय.”

“आम्ही नवीन हाय. गेल्या साली घर बांधलं. दगडी हाय. वर मंगळुरी कौलं.”

“घरात कोण कोण?”

“रूथबाई, मी, एक शिपाई. डॉक्टरसाहेब मंगळवारी आन् शुक्रवारी येत्यात.”

“आन् कर्ता पुरुष?”

“सरकार.”

“ते कुठं असतंय?”

“मुंबईला. लई कामात असतंय, म्हणून मला धाडलं.”

तोवर आमच्या अंगणाच्या दगडी गडग्यावर शेजारणी गोळा झाल्या होत्या. सगुणाकाकू म्हणून एक होती, तिला भांडण तयार नसलं तर ती विरजण लावायची. ती गडग्यावरनंच म्हणाली, “मैनाबाई, मुराळी आला गं तुझ्या सुनंचा. आडावर काय बोललीस ते ध्येनात हाय नव्हं?”

“तू चुलीकडं बघ तुझ्या.”

“चूल इझलीय. म्हणून तर आले.”

आता आपली पाळी, असं मला वाटलं. मी पदर सावरत बाहेर आले, कंपौंडरच्या बुटांवर वाकले, वाकवेना म्हणून अर्ध्यातच थांबले आणि गळा काढला.

“दादा, बहिणीची आठवण आज झाली व्हय रे तुला?”

हे वाक्य मी किती तरी पोरींच्या तोंडून ऐकलं होतं. पंचमीला, दिवाळीला, गावातल्या प्रत्येक दारात. माझ्यावर ते म्हणायची वेळ कधी आली नव्हती. खोडी म्हणून सुरुवात केली आणि मला थांबताच येईना. नाकाडोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. गडग्यावरच्या बायकाही डोळे पुसायला लागल्या. सगळ्यांत वाईट अवस्था कंपौंडरची. एवढा लढाई बघून आलेला गडी, पण मला सोडून टोपलीतला नारळच थोपटत होता.

“रडू नगं,” तो हळूच म्हणाला. “नाडी वाढंल.”

आत्याबाई आमच्याकडं बघत नव्हत्या. त्यांची नजर कंपौंडरच्या फेट्यावर होती. तिथंच बराच वेळ खिळून राहिली. मला वाटलं, कसा बांधलाय हे बघतायत. आता काय बोलतात म्हणून मी रडता रडता कान टवकारले.

“मुराळ्याला उपाशी धाडत न्हाईत,” त्या म्हणाल्या. “शेवया टाक.”

सगुणाकाकूचा चेहरा पडला. तिला भांडण हवं होतं.

कंपौंडर शेवयांचं ताट संपवत असताना आत्याबाई समोर बसून त्याला दम देत होत्या. “लेक धाडते. पर माहेर म्हंजे माहेर. माहेरात होतं ते समदं व्हायला पायजे. ओटी भरायची. डिंकाचे लाडू. शेक-शेगडी. पाळणा. बारसं माहेरात. आन् विहीण म्हणून माझा मान. ह्यातलं एक जरी कमी पडलं, तर लेक न्हाय, मी तुमचं सरकार उचलून आणीन.”

“मंजूर,” कंपौंडर म्हणाला आणि तोंडात शेवया असतानाच त्यानं सलाम ठोकला.

तेवढ्यात आमचे हे रानातून आले. ओसरीवर नजर टाकून अगदी सरळ चेहऱ्यानं म्हणाले, “हे कोण पाव्हणं?” आणि उत्तराची वाट न बघता बैल सोडायला गेले. गाडी इतक्या झटकन जुंपली, की जू आधीपासून पुसून ठेवलं असावं.

शीव ओलांडली आणि कंपौंडरनं फेटा डोक्यावरून उतरवला. “ज्ञानबा, घे बाबा तुझा फेटा. कपाळ आवळलंय.”

“असू दे तुझ्याकडं,” हे बैलांकडं बघत म्हणाले. “अजून लागंल.”

म्हणजे रूथबाईंच्या बेतात सामील असणारे हेच, आणि फेटा देणारेही हेच. घरात आईपुढं ज्यांना मीठ मागता येत नव्हतं, ते आमचे हे. मी त्यांच्या पाठीकडं बघून हसले. पाठ थोडी हलली. तेही हसत असावेत.

दवाखान्यावर पाटी होती. मला तेव्हा वाचता येत नव्हतं. काय लिहिलंय म्हणून यांना विचारलं, तर म्हणाले, “माहेर.” मी कितीतरी दिवस ते खरंच धरलं होतं.

खाटेवरचा पहिला आठवडा मी खाली पडायच्या भीतीनं काढला. उंचावर निजायची सवय नव्हती. रूथबाई रोज तेल लावून पोटावर हात फिरवायच्या. हळूहळू, पिठाचा गोळा फिरवावा तसं बाळाचं डोकं खाली आणायच्या, दोन्ही बाजूंना फडक्याच्या गुंडाळ्या लावून पट्टा बांधायच्या. दोन दिवस बरे जायचे. मग एका सकाळी पोट परत रुंद दिसायचं.

“तुझ्यासारखंच आहे,” रूथबाई म्हणायच्या. “सांगितलेल्या बाजूला राहायचं नाही.”

त्या हसून बोलायच्या, पण एकदा त्या बाहेर सावळारामदादाशी बोलत असताना मी ऐकलं. कळा लागल्या तेव्हा बाळ आडवं असलं आणि डॉक्टरसाहेब नसले, तर त्यांच्या हातात फार काही उरणार नव्हतं. तालुका बैलगाडीनं लांब. आणि हेही ऐकलं, की जिल्ह्याचे मोठे साहेब येणार आहेत, खाटा रिकाम्या दिसल्या तर उचलून तालुक्याला नेणार आहेत. त्या रात्री मी खाटेचा गज धरून निजले. खाट नेली असती तर माझ्यासकट न्यावी लागली असती.

बाजारच्या दिवशी आत्याबाई आल्या. कडेवर स्वतःच्या घरचं पाणी भरलेली कळशी. दवाखान्याच्या उंबऱ्याबाहेर उभ्या राहिल्या आणि मोठ्यानं म्हणाल्या, “विहीण आलीय. पायावर पाणी कोण घालतंय?”

रूथबाईंनी सावळारामदादाकडं बघितलं. सावळारामदादा आत पळाला. जखमा धुवायचं पांढरं घमेलं तो घेऊन आला. आतलं पाणी गुलाबी होतं.

“ह्ये पाणी असं का?”

“विहिणीसाठी खास,” सावळारामदादा म्हणाला. “साधं पाणी आम्ही साध्या माणसांच्या पायावर घालतो.”

ते जंतू मारायचं औषध होतं. पण आत्याबाईंनी पाय पुढं केले, आणि पुढची कितीएक वर्षं त्या गावात सांगत राहिल्या, की लेकाच्या सासुरवाडीला गुलाबपाण्यानं पाय धुतले.

मग त्यांनी लाडू मागितला. डिंकाचे लाडू सावळारामदादानं स्वतः केले होते, डिंक आणि खोबरं औषधाच्या तराजूत तोलून. आत्याबाईंनी दाढेखाली धरला आणि परत काढला.

“ह्यो लाडू हाय का लढाईतला उरलेला गोळा?”

“मापात चूक न्हाय.”

“मापात न्हाय, हातात हाय. सरक. चूल कुठं हाय तुमची?”

त्या दिवशी त्या परत गेल्या नाहीत. दवाखान्याच्या मागं तीन दगड मांडले आणि लाडू वळायला बसल्या. सुनेच्या माहेरात विहीण राहत नसते, असं मी दबकत म्हटलं, तर म्हणाल्या, “मी ऱ्हायली कुठं? मी ध्यान ठेवतीय.” ध्यान ठेवायचं, पण उंबऱ्याच्या आत पाय टाकायचा नाही. खिडकीबाहेर बसून माझ्याशी बोलायचं. रूथबाईंच्या हातचं पाणी प्यायचं नाही. रूथबाई एकदा चहाचे दोन कप घेऊन गेल्या, तर तोंड फिरवलं. “विहीणबाई, तुमचं तुम्ही घ्या. आमचं आम्हाला चालतं.”

“बरं, विहीणबाई,” रूथबाई म्हणाल्या आणि खिडकीत उभ्या राहून दोन्ही कप स्वतःच प्याल्या. एकेक घोट मोठ्यानं.

दिवस मावळायच्या सुमाराची गोष्ट. सावळारामदादा व्हरांड्यात बसून औषधाच्या बाटल्या धूत होता. लोक घरून कसल्याही बाटल्या आणायचे, रॉकेलच्यासुद्धा. मी आत डोळे मिटून पडले होते. आत्याबाईंना वाटलं, मला झोप लागली.

“तुमच्या लढाईत असले दवाखाने होते का रं?”

“होते की. तंबू असायचे.”

“मरणाऱ्याजवळ कोण असायचं?”

बाटली धुवायचा आवाज थांबला.

“कुणीतरी बसायचं. आम्ही पाळीनं बसायचो. मी लई जणांजवळ बसलोय, आई.”

“बोलायचे का काय?”

“पाणी मागायचे. ताप चढला की आईला हाक मारायचे. मग आम्हीच ओ द्यायची.”

“तू?”

“व्हय. मिशीवाल्या गड्यानं आई व्हायचं. तवा आई झालो, आता भाऊ झालो. त्यात काय.” तो जरा हसला.

आत्याबाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, “फेटा कुठं हाय तुझा?”

“खुंटीला.”

“आण. बांधता येत न्हाय तर डोक्याला गुंडाळतोस कशाला? कुणीबी ओळखंल.”

मी एक डोळा उघडला. सावळारामदादा गुडघ्यावर बसला होता आणि आत्याबाई त्याच्या डोक्यावर फेटा बांधत होत्या. कापड बोटांतून सरकत होतं. एका जागी किनारीवर त्यांची बोटं थांबली, अंगठा तिथं दोनदा फिरला, मग परत कापड सरकायला लागलं.

“डाव्या कानावर असा येऊ दे,” त्या म्हणाल्या. “हां. आता माणसात दिसतोस.”

कळा लागल्या त्या गुरुवारी, दुपारी. डॉक्टरसाहेब येणार शुक्रवारी. रूथबाईंनी पोटावर हात ठेवला आणि त्यांचा चेहरा बघून मला कळलं, बाळ परत आडवं गेलंय.

त्यांनी बाह्या सारल्या. तेल, हात, हळूहळू. एक कळ गेली की फिरवायचं, कळ आली की थांबायचं. डोकं खाली आलं. पण हात काढला की ते बाजूला सरकायला बघायचं. डोकं नीट बसेपर्यंत दोन्हीकडून धरून ठेवायला हवं होतं, आणि रूथबाईंना हात दोनच. एक तर खाली लागणार.

“विहीणबाई,” त्यांनी खिडकीकडं न बघता हाक मारली. “आत या.”

आत्याबाई खिडकीत उभ्या होत्या. त्यांनी उंबऱ्याकडं बघितलं. मी बघत होते त्यांच्याकडं. मला त्या क्षणी दुसरं काही आठवत नव्हतं, पहिल्या वेळेची अंधारी खोली तेवढी आठवत होती.

“विहीणबाई, मानपान उद्या. आत्ता हात धुऊन आत या.”

त्या आल्या. उंबरा कधी ओलांडला ते मला दिसलंही नाही.

“इकडून दाबून धरा. हलू द्यायचं नाही. जोरात नको.”

“मला शिकवू नगंस. मी काय कधी बाळंतपण केलं न्हाय?”

“केलीत. म्हणूनच सांगते, जोरात नको.”

“तुझाच हात सरकतोय, माझा न्हाय.”

“माझा जागेवर आहे. तुमचं बोट वर चाललंय.”

“बोट माझं बरं हाय. तू खाली बघ.”

माझ्या पोटाच्या दोन बाजूंना दोन विहिणी, आणि मधे मी. दोघी एकमेकींना बोलत होत्या आणि चारांतला एकही हात ढळत नव्हता. मला इतकं दुखत असताना हसू आलं. हसले तशी मोठी कळ आली. रूथबाई म्हणाल्या, “हसतेस काय, जोर लाव.” आत्याबाई म्हणाल्या, “ऐक तिचं.” दोघींचं एकमत झालेलं मी ते पहिल्यांदा ऐकलं.

उन्हं व्हरांड्यात उतरली तेव्हा पोर रडली. कौलांवरची कबुतरं उडाली, असं सावळारामदादा पुढं सांगायचा.

“पोरगी,” आत्याबाई म्हणाल्या. मी डोळे मिटून घेतले. “आवाज माझ्यावर गेलाय.”

मग त्या भिंतीला टेकून खालीच बसल्या. रूथबाईंनी चहा केला. एक कप स्वतः घेतला, दुसरा न बोलता त्यांच्यापुढं ठेवला. आत्याबाईंनी कपाकडं बघितलं.

“चहा म्हंजे काय,” त्या म्हणाल्या. “पाणी थोडंच हाय.” आणि प्याल्या.

बारसं ठरल्याप्रमाणं माहेरात झालं. खोलीच्या वाशाला पाळणा टांगला. उंबरदऱ्याहून गाडी भरून बायका आल्या. दुसऱ्या खाटेवर सगुणाकाकूची सून होती. तिलाही दिवस भरत आले होते, आणि सगुणाकाकूनं ऐकवलं होतं, “मैनाबाईच्या सुनंला मुराळी येतो, मग आमचं काय घर न्हाय?” सावळारामदादा फेटा बांधून तिच्याही दारात सलाम ठोकून आला होता. शेवया खाऊन त्याचं पोट बिघडलं होतं, औषध स्वतःलाच घेत होता.

पाळणा म्हणायला सुरुवात झाली आणि बाहेर जीप थांबली.

जिल्ह्याचे मोठे साहेब दारात आले तेव्हा खोलीत बसायला जागा नव्हती. एक बाई नाव ठेवत होती, चार बायका तिच्या पाठीत धपके घालत होत्या. साहेबांनी सावळारामदादाला हुडकलं. हुडकायला वेळ लागला, कारण तो फेट्यात होता.

“कंपौंडर, ही काय जत्रा आहे?”

“बारसं आहे, सर.”

“सरकारी दवाखान्यात?”

“मग कुठं करायचं?” आत्याबाई घुगऱ्यांचं पातेलं घेऊन पुढं आल्या. “बारसं माहेरात असतं.”

“तुम्ही कोण?”

“विहीण. तुम्ही?”

“मी जिल्ह्याचा—”

“म्हंजे थोरल्या घरचे. उशीर केलात. मी म्हटलं, माहेरचं कुणी थोरलं माणूस येतंय का न्हाय. बसा. हात पुढं करा.”

साहेबांनी हात पुढं केला. का केला ते त्यांनाही कळलं नसावं. आत्याबाईंनी ओंजळभर घुगऱ्या घातल्या. साहेब त्या खाटेवर बसून खायला लागले, माझ्या पायाशी. खाता खाता त्यांनी दोन्ही खाटा बघितल्या. पाळण्यात वाकून पोर बघितली, तिच्या पापणीखाली रंग बघितला, रूथबाईंना काहीबाही विचारलं. रूथबाईंनी आडव्या बाळाचं सगळं सांगितलं. आत्याबाई मधेच म्हणाल्या, “ह्या बाजूनं मी धरलं होतं.”

जाताना साहेब सावळारामदादापुढं थांबले. “गणवेशावर फेटा कुठल्या नियमात बसतो?”

“ड्यूटीवर होतो, सर. मुराळ्याच्या.”

साहेबांनी उरलेल्या घुगऱ्या रुमालात बांधल्या. “खाटा राहू द्या इथं,” ते रूथबाईंना म्हणाले. मग जीपमध्ये बसता बसता, “आणि तो फेटा मी बघितलेला नाही.”

पुढं सावळारामदादा किती दारांत मुराळी म्हणून उभा राहिला, ते त्यालाच माहीत. पंचक्रोशीतल्या बायकांना माळशिंगीचं नाव घ्यावं लागत नसे. माहेरी चाललेय, म्हटलं की कळायचं. माझी पुढची दोन्ही बाळंतपणं तिथंच झाली. दिवाळीत भाऊबीजेला मी तबक घेऊन जायची, तर तिथं ओवाळणाऱ्यांची रांग असायची.

आत्याबाई थकल्या तेव्हा रूथबाई बदलून गेल्या होत्या, सावळारामदादाही नोकरीतून मोकळा होऊन माळशिंगीतच घर करून राहिला होता. आत्याबाईंना श्वास पुरेना. नवे डॉक्टर म्हणाले, दवाखान्यात हलवा. आमच्या ह्यांनी विनवलं, मी विनवलं, पोरीनं आजीपुढं हात जोडले.

“मी अशी कशी येऊ?” आत्याबाई अंथरुणावरून म्हणाल्या. “मुराळी कुठं आलाय?”

आम्हाला वाटलं, भ्रमात बोलतायत. त्यांनी आमच्या ह्यांच्याकडं बघितलं. “माळशिंगीला जा. आन् म्हणावं, फेटा बांधून ये.”

सावळारामदादा दुसऱ्या दिवशी सकाळी दारात आला. मिशा पांढऱ्या, हातात काठी. “मी मुराळी आलोय,” तो म्हणाला. टाचेला टाच मारायला गेला आणि झोकांडला, तसं यांनी त्याला धरलं. फेट्याचा गुलाबी रंग उडून मळकट झाला होता.

“शेवया टाक,” आत्याबाई मला म्हणाल्या.

गाडीत मी त्यांचं डोकं मांडीवर घेऊन बसले होते. सावळारामदादा समोर. शीव ओलांडल्यावर त्या म्हणाल्या, “हौसे, त्या दिवशी तुम्ही समद्यांनी मिळून मला फसवलं, असं वाटतंय व्हय तुला?”

मी त्यांच्या अंगावरची वाकळ सारखी केली.

“तो फेटा माझ्या मारुतीचा. तुझ्या लग्नात घातलेला. मांडवाच्या खिळ्याला अडकून फाटला. मीच शिवला घाईत, पांढऱ्या दोऱ्यानं. मग तो लढाईवर गेला, फेटा पेटीत ऱ्हायला.” त्यांनी दम घेतला. “दारात फेटा उभा राहिला. तुझा मुराळी म्हणत होता. त्याला न्हाय कसं म्हणायचं?”

हे गाडी हाकत होते. त्यांनी मागं वळून बघितलं नाही, पण बैल उगाचच चुचकारले. पेटीतून फेटा काढताना कुणाचा काढतोय हे त्यांना माहीत होतं की नव्हतं, ते मी त्यांना कधी विचारलं नाही.

दवाखान्याची कौलं दिसायला लागली.

“सावळाराम,” आत्याबाई म्हणाल्या, “तिथं जवळ बस हां. आन् मी हाक मारली, तर ओ दे.”

“कुणाला हाक माराल?”

“ते तवाचं तवा बघू. तू ओ दे.”

“मंजूर,” सावळारामदादा म्हणाला. सलाम ठोकायला त्यानं मान ताठ केली, तसा फेटा एका बाजूला घसरला. आत्याबाईंनी निजल्या निजल्या हात वर केला आणि तो डाव्या कानावर नीट बसवला.